हललं का, की मलाच वाटलं?

नांदेड, हिंगोली, लातूर या पट्ट्यातल्या घरांत एक प्रश्न नेहमी ऐकू येतो. "हाललं का?" विचारणारा तुमच्याकडे बघत नाही, छताकडे बघतो. बंद पंखा झुलतोय का, लटकता बल्ब हलतोय का, तांब्यातलं पाणी थरथरतंय का, एवढं बघून होईपर्यंत जे काही असेल ते संपलेलं असतं. मग घरातलं कुणीतरी म्हणतं, "गाडी गेली असंल." दुसरं म्हणतं, "मला तर कायच नाई जाणवलं." ज्याला जाणवलं तो गप्प बसतो. थोड्या वेळाने त्याचं त्यालाच वाटायला लागतं, भास झाला असेल.

हा लेख त्या गप्प बसण्याबद्दल आहे. आपल्या कानांवरचा, पायाखालच्या जमिनीवरचा भरवसा कसा उडतो, आणि तो उडवायला कोण कोण हातभार लावतं, याला आमच्या भागात चांगला तीस वर्षांहून जुना इतिहास आहे.

मी उमरीचा. पुस्तकांत उमरी येते ती हैदराबाद मुक्तिसंग्रामात, ३० जानेवारी १९४८ रोजी इथल्या बँकेवर पडलेल्या धाडीमुळे. एरवी ते मुदखेड-निजामाबाद लोहमार्गावरचं एक स्टेशन. रुळांच्या जवळच्या घरांत मालगाडी गेली की मांडणीवरची भांडी वाजतात. त्यामुळे प्रत्येक थरथरीला आमच्याकडे एक तयार उत्तर असतं, आणि ते बहुतेक वेळा बरोबरही असतं. अडचण उरते ती 'बहुतेक वेळा' या दोन शब्दांत.

किल्लारी: आधी एक वर्ष

३० सप्टेंबर १९९३, पहाटे ३ वाजून ५६ मिनिटं. गणेश विसर्जन उरकून लोक झोपलेले. किल्लारी परिसरात ६.२ ते ६.४ तीव्रतेचा भूकंप झाला. लातूर आणि उस्मानाबाद (आताचं धाराशिव) या दोन जिल्ह्यांतली ५२ गावं इतकी उद्ध्वस्त झाली की ती नव्या जागी वसवावी लागली. मृतांचे आकडे वेगवेगळे सांगितले जातात. सरकारी आकडा आठ हजारांच्या जवळचा आहे, इतर अंदाज दहा हजारांपर्यंत जातात.

हे सगळ्यांना माहीत आहे. कमी सांगितलं जातं ते आधीच्या वर्षाबद्दल. ऑगस्ट १९९२पासून किल्लारी आणि आसपासच्या गावांत जमिनीखालून आवाज येत होते, हलके धक्के बसत होते. त्यांतला सगळ्यात मोठा, साधारण ४ तीव्रतेचा धक्का १८ ऑक्टोबर १९९२ रोजी बसला. लोक घाबरले. घराबाहेर झोपले. काही गाव सोडून नातेवाइकांकडे गेले. मग धक्के कमी झाले, जवळपास थांबले. माणसं घरी परतली.

आता त्या घरी परतलेल्या माणसाच्या जागी स्वतःला ठेवून बघा. तुम्ही आवाज ऐकला होता. जमीन हललेली तुमच्या पायांना कळली होती. तुम्ही बायकापोरांना घेऊन उघड्यावर झोपलात, थंडीत कुडकुडलात, आणि पुढे काहीच झालं नाही. जे गाव सोडून गेले नव्हते ते हसले असतील. वर्षभराने तुमच्याजवळ काय उरतं? 'आपण उगीच घाबरलो' एवढंच. ज्या जाणिवेने तुम्हाला बरोबर माहिती दिली होती, तिच्यावरच तुमचा विश्वास राहत नाही.

त्या जाणिवेच्या विरोधात आणखी एक मोठा साक्षीदार उभा होता, तो म्हणजे भूगोलाचं पुस्तक. दख्खनचं पठार हा जगातल्या अतिप्राचीन, कठीण आणि स्थिर भूभागांपैकी एक, असं पिढ्यान्पिढ्या शिकवलं गेलं. ११ डिसेंबर १९६७च्या पहाटे कोयनेला ६.३ तीव्रतेचा भूकंप झाला आणि सुमारे १८० माणसं गेली, तेव्हा या समजुतीला तडा गेला होता. पण कोयनेला धरण होतं, जलाशयाच्या दाबाचं कारण हाताशी होतं. किल्लारी देशाच्या तेव्हाच्या भूकंप नकाशावर सगळ्यात कमी धोक्याच्या 'झोन एक'मध्ये होती. शेतकरी म्हणतो जमीन हलते, नकाशा म्हणतो हलत नाही. या भांडणात कुणाचं ऐकलं जातं हे वेगळं सांगायला नको. पुढे २००२ साली नकाशा बदलला. 'झोन एक' हा प्रकारच रद्द झाला आणि किल्लारीचा परिसर 'झोन तीन'मध्ये आला. थोडक्यात, नकाशाला शेतकऱ्याचं म्हणणं पटायला दहा वर्षं आणि हजारो माणसं लागली.

कुणी खोटं बोललं नाही, तरीही

आजकाल 'गॅसलाइटिंग' हा शब्द आपण सहज वापरतो. तो आला एका इंग्रजी नाटकावरून. १९३८ सालच्या त्या नाटकात घरातले गॅसचे दिवे मंद होताना बायकोला दिसतात आणि नवरा तिला पटवत राहतो की तसं काही होतच नाही. तो हे मुद्दाम करतो, तिने स्वतःला वेडी समजावं म्हणून. २०२२ साली अमेरिकेतल्या एका नामांकित शब्दकोशाने हा वर्षाचा शब्द ठरवला.

किल्लारीत असं कुणी मुद्दाम केलं नाही, आणि मला हा मुद्दा महत्त्वाचा वाटतो. माणसाचा स्वतःच्या जाणिवेवरचा विश्वास मोडायला खलनायक लागतोच असं नाही. धीर देणारी माणसंही ते करू शकतात. "काय नाई झालं, झोप गप," हे आपल्याकडे मायेने म्हटलं जातं.

इटलीत याच मायेवरून खटला उभा राहिला. लाक्विला नावाच्या जुन्या शहरात २००९च्या सुरुवातीपासून धक्क्यांची मालिका चालू होती. तिथल्या लोकांची पिढ्यांची सवय अशी, की धक्का बसला की घर सोडायचं, चौकात रात्र काढायची. ३१ मार्चला तज्ज्ञांची सरकारी समिती शहरात बसली. त्याच सुमारास नागरी संरक्षण खात्याच्या एका अधिकाऱ्याने मुलाखतीत सांगितलं की लहान धक्क्यांमधून ऊर्जा मोकळी होते आहे, काळजीचं कारण नाही. मग निवांत वाइनचा पेला घ्यायचा का, या प्रश्नालाही त्याने हसून होकार दिला. ६ एप्रिलच्या पहाटे ३ वाजून ३२ मिनिटांनी ६.३ तीव्रतेचा भूकंप झाला. ३०९ माणसं गेली. त्या रात्री आधी धक्के बसूनही घरात थांबलेले लोक त्यांत होते, आणि पुढे न्यायालयात नातेवाइकांचं म्हणणं हेच होतं की आमच्या माणसांनी या वेळी आपली जुनी सवय मोडली. २०१२ साली सहा शास्त्रज्ञ आणि त्या अधिकाऱ्याला सहा वर्षांची शिक्षा झाली. २०१४ साली अपिलात शास्त्रज्ञ निर्दोष सुटले, अधिकाऱ्याची शिक्षा दोन वर्षांवर आली.

जगभरातून या खटल्यावर टीका झाली, की भूकंपाचं भाकीत न केल्याबद्दल शास्त्रज्ञांना तुरुंगात कसं टाकता? पण बारकाईने बघितलं तर दुखणं भाकिताचं नव्हतं. लोकांच्या अंगात असलेली एक भीती, जिच्यामुळे ते जगत आले होते, ती बिनबुडाची आहे असं त्यांना सांगितलं गेलं, हे दुखणं होतं.

उलट बाजूही खरी आहे, आणि ती लपवली तर हा लेख अफवा ठरेल. अशा बारीक धक्क्यांच्या मालिका जगभर होत असतात आणि बहुतेक वेळा मोठ्या भूकंपाविना विरून जातात. चीनमध्ये ४ फेब्रुवारी १९७५ रोजी हायचेंगच्या भूकंपाआधी धक्क्यांची मालिका बघून लोकांना घराबाहेर काढण्यात आलं आणि असंख्य जीव वाचले. लगेच पुढच्या वर्षी, २८ जुलै १९७६च्या पहाटे, तांगशानला मोठा भूकंप झाला तेव्हा आधी तसे इशारे मिळाले नाहीत; सरकारी आकड्यानुसार २ लाख ४२ हजार माणसं मेली. म्हणजे जाणीव खरी असली तरी ती पुढचं सांगत नाही. 'हललं' हे खरं असू शकतं आणि 'आता मोठा येणार' हे त्याच वेळी खोटं.

बिघडलेला काटा

मोठा भूकंप होऊन गेल्यावर मात्र गोष्ट उलटी फिरते. आधी खरी हालचाल भास वाटत होती. आता भास खरी हालचाल वाटतो.

जपानी भाषेत यासाठी शब्दच आहे, 'जिशिन-योई', म्हणजे भूकंपाची झिंग. ११ मार्च २०११च्या महाभूकंपानंतर आफ्टरशॉक महिनोन्महिने चालू होते आणि असंख्य लोकांना जमीन स्थिर असतानाही ती डोलतेय असं जाणवत होतं. यात जादूटोणा काही नाही. आपला तोल सांभाळणारं यंत्र आतल्या कानात असतं. डोळे, पायाचे तळवे आणि हा कान यांच्याकडून आलेली माहिती मेंदू सतत जुळवत असतो. एरवी शरीराची बारीकशी डुगडुग मेंदू दुर्लक्षित करतो. पण एकदा जमिनीनेच दगा दिला की तो कशाकडेच दुर्लक्ष करायला तयार नसतो. ट्रक, दार आपटणं, शेजारी कूस बदलणारं माणूस, स्वतःच्या छातीचे ठोके, सगळ्याचं भाषांतर एकच होतं. तराजूचा काटा मोडत नाही, फार हलका होतो.

किल्लारीच्या भूकंपानंतर महिनाभराने मनोविकारतज्ज्ञांच्या एका गटाने ४२ वाचलेल्या लोकांची तपासणी केली. त्यांतल्या ५९ टक्के लोकांमध्ये त्यांना निदान करण्याजोगा मानसिक आजार आढळला, मुख्यतः आघातानंतरचा ताण आणि नैराश्य. तपासलेली माणसं थोडी होती, तरी चित्र कळतं. सरकारने पक्की घरं बांधून दिली, पण घराबाहेर पत्र्याचं शेड टाकून त्यातच झोपणारी माणसं त्या भागात पुढे कित्येक वर्षं होती. पत्रा अंगावर पडला तर माणूस जखमी होईल, मरणार नाही, हा त्यांचा हिशोब होता. तो वेडेपणाचा नव्हता, अनुभवाचा होता.

दीडशेक किलोमीटरवरच्या उमरीतही त्या पहाटे जमीन हलली होती. माझी आजी त्यानंतर रात्री दाराला कडी लावायची नाही. नुसतं दार लोटून घ्यायची. चोर परवडला, म्हणायची. मी तेव्हा जन्मलेलो नव्हतो, पण ती कडी न लावलेली दारं मला आठवतात. अशी भीती सांगून पुढच्या पिढीत येत नाही, घराच्या रीतीभातीतून येते.

नांदेडचे आवाज, हिंगोलीचे आवाज

२००६-०७पासून नांदेड शहराच्या काही वस्त्यांत लोकांना जमिनीखालून स्फोटासारखे आवाज ऐकू येऊ लागले. गेली काही वर्षं हिंगोली जिल्ह्यातल्या वसमत, औंढा नागनाथ, कळमनुरी तालुक्यांतल्या गावांत, विशेषतः पांगरा शिंदे परिसरात, हेच चाललं आहे. गडगड आवाज येतो. कधी हादरा जाणवतो, कधी नुसताच आवाज. विहिरीतले सुरुंग असतील, खाणीतला स्फोट असेल, आभाळ गडगडलं असेल, असे तर्क होतात.

नुसता आवाज कसा येतो? उथळ, लहान भूकंपातून निघणाऱ्या लहरींमध्ये कंपनांचा वेग जास्त असतो. सेकंदाला वीसच्या वर कंपनं झाली की माणसाचा कान ती ऐकू शकतो. कठीण खडकातून अशी वेगवान कंपनं फार क्षीण न होता पृष्ठभागापर्यंत पोचतात आणि हवेत शिरून आवाज होतात. अंगाला हादरा जाणवण्याइतकी हालचाल नसते, पण कानाला कळतं. दख्खनचा काळा पाषाण यासाठी उत्तम. म्हणजे "आवाज आला पण हललं नाही" असं सांगणारी बाई भ्रमिष्ट नसते. तिच्या कानाने एक लहानसा भूकंप टिपलेला असू शकतो.

२१ मार्च २०२४ रोजी सकाळी ६ वाजून ८ मिनिटांनी हिंगोली जिल्ह्यात ४.५ तीव्रतेचा भूकंप झाला आणि अकरा मिनिटांनी ३.६चा. नांदेड, परभणीपर्यंत जमीन हलली. आमच्या घरात भांडी वाजली. लगेच दोन पक्ष पडले, एक मालगाडीचा, एक भूकंपाचा. पाच मिनिटांत फोनवर मेसेज यायला लागले. "तुमच्याकडं हाललं का?" नांदेडहून, भोकरहून, वसमतच्या पाहुण्यांकडून. वाद तिथेच मिटला. घरातल्या चेहऱ्यांवर भीती होती, पण तिच्यासोबत आणखी काहीतरी होतं, आणि ते सुटकेसारखं दिसत होतं. जमीन हलली ही वाईट बातमी. ती फक्त मला हललेली वाटली नाही, ही चांगली बातमी. १० जुलैला पुन्हा ४.५चा धक्का बसला तेव्हा आधी वाद झालाच नाही, आधी फोन उघडले गेले.

अंधारातला ठिपका

१९३५ साली मुझफर शरीफ या तुर्की मानसशास्त्रज्ञाने एक साधा प्रयोग प्रसिद्ध केला. पूर्ण काळोख्या खोलीत प्रकाशाचा एक स्थिर ठिपका दाखवायचा आणि तो किती हलला हे विचारायचं. काळोखात संदर्भाला काहीच नसल्यामुळे स्थिर ठिपकाही हललेला दिसतो. एकेकट्याला विचारलं तर प्रत्येकाचा आकडा वेगळा. चारचौघांत बसवून मोठ्याने विचारलं की आकडे हळूहळू एकमेकांजवळ येतात.

यातून मी असं समजतो की 'माझ्या डोळ्यांनी पाहिलं' ही वाटते तितकी खासगी गोष्ट नाही. संदर्भ नसेल तिथे आपली जाणीव दुसऱ्याच्या आधाराने उभी राहते. तो आधार माणसाला खऱ्याकडे नेऊ शकतो, तसा खोट्याकडेही. किल्लारीत १९९३च्या सप्टेंबरपर्यंत सगळ्यांचे आकडे 'काही नाही'पाशी जमा झाले होते.

म्हणून नोंद लागते. भूकंपशास्त्राची सुरुवातही माणसांच्या सांगण्यातूनच झाली. १८९७च्या आसामच्या महाभूकंपाचा अभ्यास रिचर्ड ओल्डहॅम यांनी केला तो मोडलेल्या इमारतींइतकाच लोकांच्या कथनांवर. भूकंपाची झळ मोजणारी मर्काली मोजपट्टी आजही माणसाच्या जाणिवेवर उभी आहे. तिच्या दुसऱ्या पायरीचं वर्णन साधारण असं, की वरच्या मजल्यावर स्वस्थ पडलेल्या मोजक्याच लोकांना जाणवतो. तिसरी पायरी म्हणजे जवळून ट्रक गेल्यासारखं वाटतं आणि अनेकांना तो भूकंप आहे हे ओळखूच येत नाही. "गाडी गेली असंल" हे वाक्य शास्त्राच्या मोजपट्टीत अधिकृतपणे आहे!

तुमच्या खिशातला फोनही याच तत्त्वावर चालतो. अँड्रॉइड फोनमधला हालचाल ओळखणारा सेन्सर थरथर टिपतो. भूकंपाचा इशारा देणारी ही सोय भारतात सप्टेंबर २०२३मध्ये सुरू झाली. एकच फोन हलला तर यंत्रणा त्याच्यावर विश्वास ठेवत नाही, तो टेबलावरून पडलाही असेल. एका भागातले खूप फोन एकाच वेळी हलले तरच ती भूकंप मानते. फोनसुद्धा शेजाऱ्याला विचारतो, "तुझ्याकडं हाललं का?"

मग करायचं काय

स्वतःच्या जाणिवेवर डोळे मिटून विश्वास ठेवा, असं मी म्हणणार नाही. भूकंपाच्या झिंगेत ती फसवते. तिला गप्प बसवा असंही म्हणणार नाही. किल्लारीत ती खरी होती. तिला साक्षीदार द्यायचा. धक्का जाणवला की वेळ लिहायची, किती सेकंद ते लिहायचं, काय वाजलं, काय हललं ते लिहायचं. राष्ट्रीय भूकंपविज्ञान केंद्राच्या नोंदीशी ताडून बघायचं. जुळलं तर बरं, नाही जुळलं तरी बिघडत नाही. सगळ्यात बारीक धक्के दूरच्या यंत्रांना सापडतातच असं नाही. आणि सतत जमीन डोलत राहिली, झोप उडाली, तर तो अशक्तपणा न मानता डॉक्टरांना दाखवायचं.

दुसरी गोष्ट भिंतींची. किल्लारीत माणसं मारली ती मुख्यतः मातीत रचलेल्या दगडांच्या जाड भिंतींनी आणि त्यांवरच्या माळवदाच्या मातीच्या ओझ्याने. उन्हाळ्यात गारवा देणारं ते घर हादऱ्यात टिकणारं नव्हतं. 'खरंच हललं का' यावर घरात रात्रभर वाद घालता येतो. 'हललं तर ही भिंत राहील का' याचं उत्तर मात्र गवंडी दिवसाउजेडी बघून देऊ शकतो, आणि त्या उत्तराला कुणाच्या भासाची अडचण होत नाही. ज्या घरांत माळवदाखाली अजून माणसं झोपतात, तिथे हा प्रश्न आधी विचारायला हवा.

आणि घरातलं म्हातारं माणूस किंवा लहान पोर रात्री उठून म्हणालं, "हाललं," तर "काय नाई, झोप" म्हणायच्या आधी घड्याळात किती वाजलेत तेवढं बघावं.